जॉर्जिया : चौकोनांच्या जाळीत घडलेले अक्षर

मॅथ्यू कार्टर यांनी १९९३ साली मायक्रोसॉफ्ट कंपनीसाठी एक नवा फॉन्ट घडवायला घेतला, तेव्हा त्या अक्षरांना वावरायला फारच थोडी जागा मिळणार होती. पडद्याच्या एका इंचात ९६ ठिपके असतात, असे धरून विंडोज प्रणाली चालत असे. छपाईच्या मोजमापात एक इंच म्हणजे ७२ पॉइंट. या हिशोबाने १२ पॉइंटांच्या अक्षराच्या वाट्याला उंचीचे १६ पिक्सेल येतात. वर चढणारे दांडे आणि खाली उतरणाऱ्या शेपट्या यांची जागा वजा केली, तर इंग्रजीतल्या लहान ‘ए’, ‘ई’, ‘ओ’ यांच्या अंगासाठी सात-आठ पिक्सेल उरतात. शिवाय पिक्सेल एकतर काळा, नाहीतर पांढरा. मधली करडी छटा नाही.

एवढ्या जागेत कार्टर यांना पाच शतकांच्या ग्रंथछपाईचा डौल उतरवायचा होता. त्यातून जो फॉन्ट साकारला त्याचे नाव जॉर्जिया. तो १९९६ मध्ये प्रसिद्ध झाला आणि पुढे कित्येक वर्षे इंटरनेटवरच्या इंग्रजी वाचनाचा मोठा आधार ठरला. माध्यमाला जे पेलत नाही ते त्याच्याकडून मागायचे नाही, आणि जे पेलते त्यात तसूभर कसर ठेवायची नाही, ही अक्षरघडणीतली जुनी शिस्त आहे. धातूच्या काळातली ही शिस्त काचेच्या पडद्यावर कशी उतरली, हे जॉर्जियाइतके स्वच्छ फार थोड्या फॉन्टांत दिसते.

सेरिफची अडचण

इंग्रजी अक्षरांची वळणे ढोबळमानाने दोन घराण्यांत मोडतात. एका घराण्यात रेघेच्या टोकाला बारीकशी आडवी पट्टी असते. तिला सेरिफ म्हणतात. दुसऱ्या घराण्यात रेघ टोकाशी तशीच संपते. ते सॅन्स सेरिफ. प्राचीन रोमन शिलालेखांतल्या अक्षरांना सेरिफ आहेत, पंधराव्या शतकात व्हेनिसच्या मुद्रकांनी वापरलेल्या रोमन टाइपांनाही आहेत. इंग्रजी कादंबऱ्या आजही बहुतेक याच घराण्यातल्या अक्षरांत छापल्या जातात. या अक्षरांचे सौंदर्य जाड-बारीक रेघांच्या मेळात असते. उभा दांडा भरदार, कमान निमुळती होत गेलेली आणि टोकाची पट्टी केसासारखी.

कागदावर हे सारे निभावते. त्या काळचा साधा लेझर प्रिंटरसुद्धा इंचाला ३०० ठिपके उमटवत असे आणि छापखान्यासाठी फिल्म काढणारी यंत्रे हजाराच्या पुढे जात. पडद्यावर मात्र एका पिक्सेलपेक्षा बारीक रेघ काढताच येत नाही. उभ्या दांड्याला एक पिक्सेल दिला तर जाड आणि बारीक हा भेदच मिटतो. दोन दिले तर दांडा एकदम दुप्पट होऊन सगळी ओळ काळवंडते. सेरिफ कितीही नाजूक आखलेला असला तरी तो दांड्याइतकाच जाड उमटतो. तिरप्या रेघेच्या पायऱ्या होतात. दोन अक्षरांमधले अंतर पिक्सेलभराने चुकले की ती एकमेकांना चिकटतात. ‘आर’ला ‘एन’ टेकला तर वाचणाऱ्याला ‘एम’ दिसतो.

१९९२ साली आलेल्या विंडोज ३.१ सोबत टाइम्स न्यू रोमन हा सेरिफ फॉन्ट मिळत असे. मूळचा हा टाइप १९३२ मध्ये लंडनच्या ‘द टाइम्स’ या दैनिकासाठी स्टॅन्ली मॉरिसन यांच्या देखरेखीखाली, व्हिक्टर लार्डंट यांच्या हातून रेखाटला गेला होता. धातूचे खिळे, वृत्तपत्राचा कागद आणि वेगाने फिरणारी छपाईयंत्रे यांचा विचार करून तो घडला. पडद्यावर आल्यावर त्याचे वळण अवघडून जाई, कारण पडदा त्याच्या जन्मकाळी कुणाच्या स्वप्नातही नव्हता. पडद्यावर वाचायच्या मजकुरासाठी अक्षरही पडद्याचेच हवे, ही गरज मायक्रोसॉफ्टच्या टायपोग्राफी गटातल्या व्हर्जिनिया हाउलेट यांनी ओळखली. कार्टर यांच्याकडे दोन फॉन्टांचे काम आले. त्यातला सॅन्स सेरिफ म्हणजे व्हर्डाना आणि सेरिफ म्हणजे जॉर्जिया.

ठसे कोरलेला हात

हे काम कार्टर यांच्याकडे जाणे किती योग्य होते, हे त्यांच्या आयुष्यक्रमावरून कळते. त्यांचा जन्म १९३७ सालचा, लंडनचा. वडील हॅरी कार्टर हे टाइपांचे जाणकार इतिहासकार. शालेय शिक्षण संपल्यावर, ऑक्सफर्डला जाण्यापूर्वीचे एक वर्ष, मॅथ्यू हॉलंडमधल्या हार्लेम शहरी एन्स्खेडे या छापखान्यात शिकाऊ म्हणून गेले. १७०३ मध्ये स्थापन झालेल्या या संस्थेत त्या वेळीही हाताने ठसे कोरले जात. पी. एच. रेडिश या ठसेकाराकडे त्यांनी ती विद्या घेतली. पोलादाच्या कांडीच्या टोकावर अक्षर उलटे कोरायचे, तो ठसा तांब्यात ठोकून मातृका तयार करायची आणि तीत शिशाचा मिश्रधातू ओतून खिळे पाडायचे, अशी ही रीत. छापखान्यांना तिची गरज तेव्हाच संपत आली होती; पण कार्टर यांचा मार्ग त्या वर्षाने ठरला. ऑक्सफर्डला ते गेलेच नाहीत.

पुढे १९६५ मध्ये ते न्यूयॉर्कला मर्गेन्थेलर लायनोटाइप कंपनीत रुजू झाले. टाइप धातूतून निघून फोटोफिल्मवर जाण्याचा तो काळ होता. लायनोटाइपसाठी त्यांनी लॅटिन लिपीबरोबर ग्रीक, हिब्रू, सिरिलिक आणि आपली देवनागरी या लिप्यांमध्येही काम केले.

१९७८ मध्ये त्यांनी अमेरिकेतल्या एटी अँड टी या दूरध्वनी कंपनीच्या निर्देशिकेसाठी ‘बेल सेंटेनियल’ हा टाइप पूर्ण केला. निर्देशिका अगदी बारीक अक्षरांत, हलक्या कागदावर, प्रचंड वेगाने छापली जाई आणि शाई पसरून अक्षरांचे कोपरे भरून जात. कार्टर यांनी दोन रेघा मिळतात त्या कोपऱ्यांत मुद्दाम खाचा ठेवल्या. शाई पसरली की ती खाचेत जाऊन बसे आणि अक्षर नेमके उमटे. या टाइपाचे डिजिटल रूप त्यांनी एकेक ठिपका हाताने भरून तयार केले होते. पडद्यावरच्या पिक्सेलशी गाठ पडण्याच्या पंधरा वर्षे आधीची ही रंगीत तालीमच म्हणायची.

१९८१ मध्ये त्यांनी माइक पार्कर यांच्यासह बिटस्ट्रीम ही कंपनी उभारली; डिजिटल फॉन्ट घडवणे हाच तिचा व्यवसाय होता. तिथे १९८७ मध्ये ‘चार्टर’ हा सेरिफ फॉन्ट आला. प्रिंटरांची स्मृती तोकडी असल्याने अक्षरांची नोंद कमीत कमी जागेत बसावी, म्हणून त्यांनी वक्र रेषा कमी केल्या आणि सेरिफ सरळ, ठाशीव ठेवले. काम हातावेगळे होईपर्यंत तंत्रज्ञांनी नोंद आटोपशीर करण्याची दुसरी युक्ती शोधली आणि मूळ अडचणच संपली. तरी चार्टर आजही वापरात आहे, कारण त्या साधेपणाला स्वतःचा घाट लाभला होता. १९९१ मध्ये कार्टर यांनी शेरी कोन यांच्याबरोबर स्वतःची ‘कार्टर अँड कोन’ ही संस्था काढली. मायक्रोसॉफ्टचे काम आले ते या संस्थेकडे.

आधी चौकोन, मग रेषा

या फॉन्टांचे वेगळेपण त्यांच्या कामाच्या क्रमात आहे. ट्रूटाइप ही फॉन्ट साठवण्याची पद्धत अ‍ॅपलने विकसित केली आणि मायक्रोसॉफ्टनेही स्वीकारली. तीत अक्षराची फक्त बाह्यरेषा वक्रांच्या रूपात नोंदलेली असते. संगणक ती हव्या त्या मापाला लहान-मोठी करतो, पिक्सेलांच्या जाळीवर ठेवतो आणि कोणते चौकोन काळे करायचे ते ठरवतो. मोठ्या मापात हा हिशोब उत्तम जमतो. लहान मापात मात्र रेषा दोन चौकोनांच्या मध्येच कुठेतरी पडते. मग एकाच ‘एच’चा डावा दांडा दोन पिक्सेलांचा आणि उजवा एकाचा, असे प्रकार होतात.

रूढ क्रम असा की रेखाटनकार आधी सुंदर बाह्यरेषा काढतो आणि लहान मापात तिचे जे काही होईल ते नंतर सावरले जाते. कार्टर यांनी हा क्रम उलटा केला. पडद्यावर ज्या मापांत लोक खरोखर वाचतात, त्या मापांतली अक्षरे त्यांनी आधी चौकोन भरून तयार केली. मॅटीच्या कापडावर क्रॉस स्टिचने फूल भरणारी बाई पाकळीचा बाक कोणत्या घरात टाका घातला तर दिसेल हे नेमके ओळखते. तसाच हा विचार होता. चौकोनांतली अक्षरे ओळीत, परिच्छेदात वाचून पाहिली आणि ती मनासारखी उतरल्यावरच त्यांच्याभोवती बाह्यरेषा बेतल्या.

पुढचा टप्पा हिंटिंगचा. हिंटिंग म्हणजे फॉन्टच्या आत लिहिलेल्या बारीक सूचना. अमुक मापाला या दांड्याची जाडी एक पिक्सेलच राहील, हे दोन्ही दांडे सारखेच असतील, ही कमान याच ओळीला टेकेल, अशी आज्ञावलीच ती. जॉर्जियाचे हिंटिंग टॉम रिकनर यांनी केले. ते तेव्हा मोनोटाइप कंपनीत होते आणि त्याआधी अ‍ॅपलमध्ये ट्रूटाइपवर त्यांनी काम केले होते. कार्टर यांनी चौकोनांत जे अक्षर ठरवले होते, तेच बाह्यरेषेतून पुन्हा हुबेहूब उमटावे, यासाठी अक्षरागणिक, मापागणिक या सूचना लिहाव्या लागतात. वाचणाऱ्याच्या नजरेला हे काम कधी पडत नाही; पण लहान मापात एकही अक्षर वेडेवाकडे दिसत नाही, ते याच श्रमामुळे.

स्कॉटलंडचा वारसा

तंत्र नवे असले तरी जॉर्जियाचे कूळ जुने आहे. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी एडिंबरामधील विल्यम मिलर यांची आणि ग्लासगोमधील विल्सन घराण्याची टाइप फाउंड्री प्रसिद्ध होती. त्यांच्या टाइपांशी रिचर्ड ऑस्टिन या इंग्लिश ठसेकाराचे नाव जोडले जाते. अमेरिकेत या वळणाला ‘स्कॉच रोमन’ हे नाव पडले आणि तिथे ते खूप चालले. पुढे मात्र ते मागे पडत गेले. एवढे लोकप्रिय वळण असे विस्मरणात का जावे, याचे कार्टर यांना कुतूहल होते. मायक्रोसॉफ्टची विचारणा आली तेव्हा ते छपाईसाठी याच वळणाच्या एका नव्या टाइपावर काम करत होते.

त्या अभ्यासाचे दोन अवतार झाले. कागदासाठी १९९७ मध्ये ‘मिलर’ आला आणि वृत्तपत्रांनी तो उचलून धरला. पडद्यासाठी जॉर्जिया. दोन्ही शेजारी ठेवून पाहिले तर भावंडे असल्याचे लगेच ओळखू येते. गोल अक्षरांचा ताठ, उभा अक्ष तोच, ‘ए’ किंवा ‘सी’च्या टोकाशी येणारे गोल बोंड तेच, उभ्या दांड्यांचा ठामपणाही तोच. पण जॉर्जियात बारीक रेघा मुद्दाम पुष्ट केलेल्या आहेत, म्हणजे पडद्यावर त्या विरून जाऊ नयेत. सेरिफ रुंद आणि बोथट आहेत. लहान अक्षरांचे अंग उंच केले आहे, त्यामुळे ‘ए’ आणि ‘ई’ यांच्या पोटातली पांढरी जागा मोकळी राहते. अक्षरांमध्ये अंतरही सैल आहे.

इटालिकसाठीही कार्टर यांनी सोपा मार्ग घेतला नाही. उभे अक्षर नुसते कलते करून भागले असते. व्हर्डानात जवळपास तसेच आहे. जॉर्जियाचे इटालिक मात्र हस्ताक्षराच्या वळणाचे, स्वतंत्र घडवलेले आहे. पायऱ्या पाडणाऱ्या पडद्यावर असे इटालिक वाचनीय करणे हे सगळ्यांत अवघड काम होते आणि तेच अनेकांना या फॉन्टचे सर्वांत देखणे अंग वाटते.

खाली उतरणारे आकडे

जॉर्जिया ओळखण्याची सर्वांत सोपी खूण म्हणजे त्याचे इंग्रजी आकडे. बहुतेक संगणकी फॉन्टांत सगळे आकडे मोठ्या अक्षरांच्या उंचीचे, एका रांगेत उभे असतात. जॉर्जियात शून्य, एक आणि दोन लहान अक्षरांइतकेच बुटके आहेत. सहा आणि आठ वर डोके काढतात. तीन, चार, पाच, सात आणि नऊ ओळीखाली उतरतात. जुन्या पुस्तकांतल्या आकड्यांचे वळण असेच असे. वाक्यात एखादे साल आले तर ते शब्दांमध्ये मिसळून जाते, मध्येच ओरडत नाही. त्या काळच्या संगणकी फॉन्टांत ही गोष्ट दुर्मीळ होती. तक्त्यात आकड्यांचे रकाने मांडताना हे वळण गैरसोयीचे ठरते, ही तक्रारही रास्त आहे. तरीही या निवडीवरून फॉन्टचा हेतू कळतो. तो सलग वाचायच्या मजकुरासाठी घडला आहे.

ठळक अक्षरांची गोष्टही अशीच. जॉर्जियाचा बोल्ड इतर बोल्डांपेक्षा चांगलाच काळा आहे. याचे मूळ पिक्सेलच्या हिशोबात आहे. साध्या अक्षराचा दांडा एक पिक्सेल असेल तर ठळक अक्षराचा दोनच असू शकतो. दीड पिक्सेल असे काही नसते. छपाईत साधे आणि ठळक यांत एवढी मोठी उडी घेतली जात नाही. कार्टर यांनी ही उडी लपवली नाही. बोल्डची सगळी रचनाच त्या जाडीला शोभेल अशी केली. त्यामुळे मथळ्यांना एक भारदस्तपणा आला, जो आज पडदे सुधारल्यावरही लोकांना आवडतो.

घराघरांत

फॉन्टचे नाव ठेवण्याची हकिकत गमतीची आहे. अमेरिकेतल्या जॉर्जिया राज्यात परग्रहवासीयांची डोकी सापडली, अशा आशयाचा एका सनसनाटी वृत्तपत्रातला मथळा या नावामागे होता.

त्या काळी इंटरनेटवरचे पान वाचकाच्या संगणकात आधीपासून असलेल्या फॉन्टांतच दिसू शके. पान रचणाऱ्याने कितीही देखणा फॉन्ट निवडला तरी तो वाचणाऱ्याकडे नसेल तर उपयोग शून्य. म्हणून मायक्रोसॉफ्टने १९९६ पासून काही फॉन्ट कुणालाही विनामूल्य उतरवून घेता येतील असे खुले केले. त्यांत एरियल, टाइम्स न्यू रोमन, व्हर्डाना यांच्यासह जॉर्जियाही होता. २००२ मध्ये कंपनीने ही सोय बंद केली, पण तोवर हे फॉन्ट सर्वदूर पोचले होते. विंडोज आणि मॅकिंटॉश दोन्हींकडे हमखास सापडणारा आणि वाचायला सुखाचा सेरिफ हवा, तर जॉर्जिया हेच उत्तर असे. ‘न्यूयॉर्क टाइम्स’ने २००७ मध्ये आपल्या संकेतस्थळावरच्या लेखांसाठी टाइम्स न्यू रोमन सोडून जॉर्जिया घेतला. पुढे आयफोनमध्येही तो आला.

यानंतर पडदेच बदलले. विंडोज एक्सपीबरोबर २००१ मध्ये क्लिअरटाइप हे तंत्र आले. रंगीत पडद्यावरच्या पिक्सेलचे लाल, हिरवे, निळे भाग वेगवेगळे वापरून ते अक्षरांच्या कडा मऊ करते. त्याच्यासाठी मायक्रोसॉफ्टने केंब्रिया आणि कॉन्स्टँशिया हे नवे सेरिफ घडवून घेतले. २०१० च्या आयफोन ४ मध्ये इंचाला ३२६ पिक्सेल आले, म्हणजे पडदा ३०० ठिपक्यांच्या त्या जुन्या लेझर प्रिंटरच्याही पुढे गेला. त्याच सुमारास फॉन्ट वाचकाकडे नसला तरी पानाबरोबर पाठवण्याची सोय रुळली. अ‍ॅपलने २०१९ मध्ये आपल्या प्रणालींसाठी ‘न्यूयॉर्क’ हा सेरिफ आणला. लहान मापाला वेगळी आणि मोठ्या मापाला वेगळी रूपे घेणारा. एवढे पर्याय येऊनही जॉर्जिया नाहीसा झाला नाही. उंच अंग, मोकळी पोटे, बोथट सेरिफ, सैल अंतर हे सारे अडचणीतून आले होते. पण दमलेल्या डोळ्यांना, म्हाताऱ्या डोळ्यांना, हलत्या गाडीत वाचणाऱ्या डोळ्यांनाही नेमके हेच हवे असते. ‘जॉर्जिया प्रो’ या नावाने वीस फॉन्टांचा विस्तारित संचही पुढे तयार झाला.

देवनागरीची बाजू

मायक्रोसॉफ्टच्या त्याच विंडोज प्रणालीत देवनागरीसाठी हाच प्रश्न आणखी बिकट होता, आणि तो सोडवण्यात मराठी हात होते. विंडोज २००० सोबत आलेला ‘मंगल’ हा युनिकोड फॉन्ट कवी, सुलेखनकार आणि आयआयटी मुंबईच्या औद्योगिक अभिकल्प केंद्रातले अध्यापक र. कृ. जोशी यांनी घडवला. देवनागरीत शिरोरेषेच्या वर मात्रा, रफार, अनुस्वार आणि खाली उकार. शिवाय जोडाक्षरे आडवी जुळतात, तशीच एकाखाली एकही. जेवढ्या पिक्सेलांत इंग्रजी अक्षराला सात-आठ घरे मिळतात, तेवढ्यातच हा सगळा पसारा बसवायचा. शिरोरेषा एका पिक्सेलची झाली तर ती उभ्या काण्याइतकीच जाड, आणि वेलांटी तिला चिकटली तर शब्द बदलतो. विंडोज वापरणाऱ्या असंख्य लोकांनी युनिकोडमधले पहिले मराठी वाक्य मंगलमध्येच टाइप केले असेल.

पुन्हा कार्टर यांच्याकडे येऊ. न्यूयॉर्कच्या आधुनिक कला संग्रहालयाने २०११ मध्ये तेवीस डिजिटल टाइप आपल्या संग्रहात घेतले. त्यांत कार्टर यांचे बेल सेंटेनियल, व्हर्डाना आणि मिलर आहेत. त्याआधीच्या वर्षी त्यांना मॅकआर्थर फेलोशिप मिळाली होती. हा गौरव त्यांनी केलेल्या बारीक हिशोबाचा आहे. जॉर्जिया घडवताना मजकूर वाचणारा माणूस कोणत्या यंत्रापुढे बसला आहे, हे त्यांनी आधी पाहिले आणि अक्षर त्याच्यासाठी बेतले. मराठी वाचन आज मोठ्या प्रमाणात मोबाइलवर होते, आणि देवनागरीचे नवनवे फॉन्टही दरवर्षी येत आहेत. त्यांची पारख मोठ्या मथळ्यातल्या झोकदार वळणावरून करायची नाही. स्वस्तातल्या फोनवर, सर्वांत लहान मापात, जोडाक्षरांनी भरलेला एक परिच्छेद वाचून पाहावा. तिथे जो उतरेल तोच फॉन्ट मराठी वाचकाच्या कामाचा, आणि घडवणाऱ्याने कामाला सुरुवातही तिथूनच करावी.